हरपलेला ‘सिंहगड’

इसवी सन १९२३ मध्ये कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने ‘सिंहगड’ या नावाचा जो मूकपट लोकांपुढे आणला, तो पाहण्यासाठी मुंबईत अशी काही गर्दी लोटली की, करमणुकीवर कर बसविण्याची कल्पना सरकारला त्या गर्दीवरूनच सुचली, असे आपल्या चित्रपटाच्या इतिहासात आजवर सांगत आले आहेत. ज्या चित्राच्या नावावर सरकारी तिजोरीतील उत्पन्नाची एक बाब अशी मांडली जाते, ते चित्र मात्र आज पाहावयास मिळत नाही. त्याच्या नायकाचा पराक्रम शाळकरी मुलालाही ठाऊक आहे, ज्या कादंबरीवरून ते काढले ती अद्याप छापली व वाचली जाते, दिग्दर्शकाच्या नावाने कोल्हापूर आजही अभिमान बाळगते. आणि या तिहींच्या संगमातून निर्माण झालेली कृतीच तेवढी लुप्त झाली आहे. तिची हकीकत येथे सांगावयाची आहे. ती कोल्हापूर किंवा पुण्याऐवजी चांदा-गडचिरोलीच्या मुलखातून सांगण्यालाही कारण आहे, आणि ते पुढे ओघाने येईल.

मूळ प्रसंग सर्वश्रुत आहे. १६६५ च्या पुरंदरच्या तहाने जे २३ किल्ले मोगलांच्या स्वाधीन करावे लागले, त्यांत कोंढाणा, म्हणजेच सिंहगड, होता. ४ फेब्रुवारी १६७० च्या रात्री तानाजी मालुसऱ्याने तो परत घेतला आणि किल्लेदार उदयभानूशी झुंजताना स्वतःचा देह ठेवला. तुळशीदास शाहिराचा या प्रसंगावरील पोवाडा पिढ्यान्‌पिढ्या गोंधळ्यांच्या मुखी नांदत आला होता. मुंबईचे म्युनिसिपल कमिशनर अॅक्वर्थ व शंकर तुकाराम शाळिग्राम यांनी १८९१ मध्ये ऐतिहासिक पोवाड्यांचा संग्रह प्रसिद्ध केला, तेव्हा सुशिक्षितांच्या कपाटात त्याला जागा मिळाली. त्यानंतर सुमारे बारा वर्षांनी हरि नारायण आपटे यांनी याच विषयावर ‘गड आला पण सिंह गेला’ ही कादंबरी लिहिली. पोवाड्यात एका रात्रीचा वीररस होता. हरिभाऊंनी त्याला कमलकुमारी या राजपूत स्त्रीच्या शीलरक्षणाची व तिचा अभिलाष धरणाऱ्या उदयभानूची जोड देऊन माणसांच्या सुखदुःखाचे रूप दिले. ‘करमणूक’ साप्ताहिकातून घरोघरी पोहोचलेल्या या लेखकाचे नाव विदर्भालाही परके नव्हते. १९१२ मध्ये अकोल्यास भरलेल्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांनीच भूषविले होते. ३ मार्च १९१९ रोजी ते निवर्तले, आणि आपली कादंबरी पडद्यावर साकारलेली पाहण्याचे भाग्य काही त्यांना लाभले नाही.

ज्यांनी ती पडद्यावर आणली, ते बाबूराव कृष्णराव मेस्त्री, म्हणजे बाबूराव पेंटर. त्यांचा जन्म १८९० चा, कोल्हापूरचा. कोणत्याही कलाशाळेची सनद त्यांच्यापाशी नव्हती. चित्रकला, मूर्तिकला व सुतारलोहारांचे कसब घरातच होते, आणि चुलतबंधू आनंदराव यांच्यासह ते संगीत नाटकमंडळ्यांचे पडदे रंगवीत असत. सपाट कापडावर राजमहालाची खोली, अरण्याची गहनता व आकाशाची दूरता भासवावयाची, ही विद्या या दोघा बंधूंनी इतकी आत्मसात केली होती की, पडदा उघडताच पात्र बोलण्यापूर्वीच प्रेक्षकांनी टाळ्या द्याव्यात. १९१३ मध्ये दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला आणि या बंधूंना हलत्या चित्राचा ध्यास लागला. आनंदराव १९१६ मध्ये वारले. बाबूरावांनी विष्णुपंत दामले यांच्या साह्याने, विलायतेकडे हात न पसरता, कोल्हापुरातच चित्रणाचा कॅमेरा तयार केला. तानीबाई कागलकर या गायिकेने भांडवल पुरविले. आणि कंपनी उभी राहिली. तिचा पहिला चित्रपट ‘सैरंध्री’ १९२० च्या फेब्रुवारीत पुण्याच्या आर्यन सिनेमात लागला, व लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमाकेसरी’ ही पदवी दिली. स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनी करणे हा त्या काळी कुलीनतेला धक्का मानला जात असताना या चित्रपटात गुलाबबाई व अनसूयाबाई या दोघी कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या, हे धैर्यही नमूद केले पाहिजे.

अशा माणसाने हरिभाऊंची कादंबरी हाती घेतली, तेव्हा त्याच्यासमोर पहिली अडचण ही की, हरिभाऊंचे सामर्थ्य बहुतांशी संवादात, आणि मूकपटाला तर वाचाच नाही. दोन दृश्यांच्या मध्ये अक्षरपट्ट्या दाखवून जे सांगता येईल तेवढेच सांगावयाचे. बाकी सारे मुद्रेवर, हालचालीवर, वेषावर व स्थळावर सोपवावयाचे. बाबूरावांच्या दृष्टीने हे संकट नव्हते. ते वाङ्मयाचे माणूस नव्हते, दृष्टीचे माणूस होते. दुसरी अडचण मात्र खरोखर बिकट होती. कोंढाण्याचा सारा पराक्रम रात्रीचा, आणि तोपर्यंतचे आमचे चित्रण सर्वस्वी सूर्याच्या मर्जीवर चालणारे. रात्र दाखवावयाची झाल्यास दिवसाच चित्र घ्यावयाचे आणि मागाहून फितीला निळा रंग द्यावयाचा, हा तेव्हाचा सर्वमान्य रिवाज. निळ्या रंगाने रात्र सुचविता येते, पण काळोख दाखविता येत नाही. आणि शत्रू कोठून येईल हे न कळणे, हेच ज्या प्रसंगाचे मर्म, त्याला काळोखावाचून अर्थ नाही. बाबूरावांनी ‘सिंहगड’मध्ये रात्रीच्या दृश्यांसाठी कृत्रिम प्रकाशाची योजना केली. भारतीय चित्रपटात विजेच्या दिव्यांचा असा उपयोग प्रथम त्यांनीच केला, असे अभ्यासक मानतात. पडदा रंगविताना कोठे छाया घालावी व कोठे उजेड सोडावा, हा जो विवेक कुंचल्याच्या टोकाशी असे, तोच आता दिव्याच्या झोताशी आला. माझ्या मते ‘सिंहगड’चे खरे मोल येथे आहे, आणि ते वर्णनाने कळण्यासारखे नाही, प्रकाश कसा पडला होता हे डोळ्यांनीच पाहावे लागते. कथा कादंबरीत उरली, नटांची नावे यादीत उरली. हा प्रकाश केवळ फितीवर होता, म्हणून फीत गेली तेव्हा तोही गेला.

तानाजीची भूमिका बाळासाहेब यादवांची होती. परंपरेने ज्याचे वय ऐंशीच्या घरातले सांगितले जाते, त्या शेलारमामाच्या भूमिकेत मात्र होता २१-२२ वर्षांचा एक तरुण: शांताराम राजाराम वणकुद्रे. या नटाने कंपनीत पडेल ते काम करीत करीत विद्या संपादन केली, १ जून १९२९ रोजी दामले, फत्तेलाल, धायबर व सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह ‘प्रभात’ची स्थापना केली, आणि १९३३ मध्ये त्याच कादंबरीवरून ‘सिंहगड’ हा बोलपट स्वतः दिग्दर्शित केला. गुरूच्या कृतीला शिष्याने दिलेली ही वंदना खरी. पण बोलका ‘सिंहगड’ आल्यावर मुक्या ‘सिंहगडा’ला कोण विचारणार? त्याच्या विस्मृतीला येथूनच प्रारंभ झाला.

आता कराविषयी. मुंबई इलाख्याचा करमणूक कराचा कायदा १९२३ चाच आहे, आणि त्या वर्षी ‘सिंहगड’साठी उसळलेली गर्दी सरकारी अंमलदारांच्या डोळ्यांवर आली असणार, यात शंका नाही. तथापि बंगालने असाच कर १९२२ मध्ये बसविला होता, हे लक्षात घेता, एका चित्रपटाने कायदा घडविला असे म्हणण्यापेक्षा, सरकार ज्या उत्पन्नाच्या शोधात होतेच त्याचा दाखला या चित्रपटाने उघड्यावर मांडला, असे म्हणणे मला अधिक रास्त वाटते.

आमचा चांदा, म्हणजे आजचा चंद्रपूर, जिल्हा त्या वेळी मुंबई इलाख्यात नव्हता. १७५१ मध्ये गोंड राजांकडून नागपूरकर भोसल्यांकडे व १८५४ मध्ये इंग्रजांकडे गेलेला हा मुलूख मध्यप्रांतात मोडत होता, आणि आजचा गडचिरोली जिल्हा, जो २६ ऑगस्ट १९८२ रोजी वेगळा झाला, तो त्याच्याच पोटात होता. मध्यप्रांतात करमणूक कराचा कायदा झाला १९३६ मध्ये, म्हणजे मुंबईनंतर १३ वर्षांनी. मूकपटांचा अवघा काळ तोवर सरून गेला होता. याचा परिणाम असा की, ज्या तिकिटांवर कर नाही त्यांचा हिशेब कचेरीत येत नाही, आणि ज्याचा हिशेब येत नाही त्याचा कागद दफ्तरात राहत नाही. मुंबई-पुण्याच्या चित्रपटगृहांचा इतिहास लिहिणाऱ्याला वर्तमानपत्रे व करवसुलीचे कागद हाताशी मिळतात. वैनगंगेच्या काठी जत्रेत तंबू ठोकून, हाताने यंत्र फिरवून, पेटी-तबल्याच्या साथीवर चित्रे दाखविणाऱ्या फिरत्या सिनेमावाल्याचा इतिहास लिहिणाऱ्याला तो आधार नाही. १९१८ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याने खेळाचा परवाना देण्याचा अधिकार जिल्हा मॅजिस्ट्रेटकडे होता. तेव्हा परवान्याच्या नोंदवह्या हाच काय तो माग, आणि जिल्ह्याच्या अभिलेखकक्षात त्या दृष्टीने कोणी बसल्यास श्रम वाया जाणार नाहीत.

बाबूरावांच्या विद्येचा एक धागा मात्र आमच्या झाडीपट्टीत अद्याप तुटलेला नाही. धान कापून, चुरणी होऊन बांध्या मोकळ्या झाल्या की मंडईचे दिवस येतात, दिवसा शंकरपट होतो आणि रात्री नाटक. वडसा, आरमोरी, कुरखेडा, ब्रह्मपुरी, नागभीड या टापूत माणसे घोंगड्या-सतरंज्या घेऊन येतात व पहाटेपर्यंत हलत नाहीत. गुरनोलीच्या डॉ. परशुराम खुणे यांना याच रंगभूमीच्या सेवेसाठी २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. येथील मांडवात अद्याप रंगीत पडदा टांगला जातो. जवळ जाऊन पाहिले तर कापडाच्या घडीवर रंगाचे पोपडे सुटलेले, महालाच्या खांबावर तेलकट हातांचे डाग, वरच्या काठीला बांधलेली नवी सुतळी. आणि दहा पावले मागे सरून दिव्यात पाहिले की तोच खांब गोल होतो, महालाला खोली येते. कोल्हापूरच्या त्या दोघा बंधूंनी नाटकमंडळ्यांसाठी जे केले, ते हेच. ‘सिंहगड’ पाहावयास मिळत नाही, पण ज्या कलेतून तो जन्मला ती कशी काम करीत असे, हे ज्याला समजून घ्यावयाचे असेल, त्याने पौष-माघात झाडीपट्टीत एक रात्र काढावी, असे मी आग्रहाने सांगेन.

मूकपट गेले कसे, याचे उत्तर निम्मे पदार्थाच्या धर्मात आहे आणि निम्मे माणसाच्या वृत्तीत. त्या काळची फीत कापसातील सेल्युलोजवर नत्राम्लाची क्रिया करून बनवीत. ३५ मिलिमीटर रुंदीच्या त्या पट्टीवर एका फुटात १६ चित्रे बसत. हजार फुटांचे एक रीळ, म्हणजे १६ हजार चित्रे, पडद्यावर सुमारे पाव तास चाले. दिसावयास ती अत्यंत नितळ, पण जात ज्वालाग्राही. एकदा पेटली की जळताना स्वतःच प्राणवायू पुरविते, म्हणून पाण्याखालीही विझत नाही. न पेटताही ती मरते. प्रथम चित्र फिकट होते, मग पृष्ठभाग चिकट होतो, वेढे एकमेकांना धरतात, फेस येतो आणि अखेर डब्यात तपकिरी भुकटी उरते. उष्णतेने हा क्षय झपाट्याने होतो. आणि चंद्रपूरचा उन्हाळा ४७ अंशांच्या आसपास जातो, हे मी येथील वाचकांना सांगावयास नको.

परंतु निसर्गाने जेवढे नेले, त्याहून अधिक व्यवहाराने नेले. १४ मार्च १९३१ रोजी ‘आलम आरा’ मुंबईत लागला आणि मूकपटाची बाजारातील किंमत दोनचार वर्षांत शून्यावर आली. फितीवरच्या लेपात चांदी असते; ती काढून घेण्यासाठी फिती मोडीत गेल्या. खुद्द ‘आलम आरा’ची प्रतही आज उपलब्ध नाही. भारतात तेराशेच्या वर मूकपट निघाले. त्यांपैकी पूर्ण वा त्रुटित स्वरूपात जे उरले, त्यांची गणना काही डझनांत आटोपते. सरकारी चित्रपट संग्रहालय पुण्यास स्थापन झाले ते १९६४ मध्ये, म्हणजे बाबूराव पेंटर निवर्तल्यानंतर दहा वर्षांनी. जे जमविले त्यावरही घाला आलाच: ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात, जुन्या ‘प्रभात’च्या आवारात, अशा फितींच्या भांडाराला आग लागून पुष्कळ ठेवा भस्म झाला. ज्या समाजाने बखरींची पाने, शकावल्या व मोडी रुमाल यांसाठी घरेदारे पालथी घातली, इतिहाससंशोधक राजवाड्यांसारखे तपस्वी ज्याने निर्माण केले, त्या समाजाला स्वतःच्या डोळ्यांदेखत निर्माण झालेली ही चित्रे दफ्तराच्या योग्यतेची वाटली नाहीत, याचे मला फार दुःख होते. छापील कादंबरी आवृत्तीमागून आवृत्ती निघून तरली; चित्राला दुसरी आवृत्ती काढणारा कोणी नव्हता.

हे केवळ आपल्याकडेच झाले असे नाही. ‘द ग्रेट गॅट्सबी’ ही अमेरिकेतील विख्यात कादंबरी १९२५ मध्ये प्रसिद्ध झाली व लगेच १९२६ मध्ये तिच्यावर मूकपट निघाला; आज त्याची केवळ जाहिरातीची एक छोटी फीत शिल्लक आहे. याच्या उलट उदाहरण त्रावणकोरचे. सी. व्ही. रामन पिळ्ळै यांच्या ‘मार्तंड वर्मा’ या अभिजात मल्याळी कादंबरीवर १९३३ मध्ये मूकपट निघाला; प्रकाशकाने हक्कावरून दावा लावला, खेळ बंद पडले, प्रत अडकून पडली, आणि निर्मात्याचे दिवाळे काढणाऱ्या त्या खटल्यामुळेच ती वाचली. १९७४ मध्ये पुण्याच्या संग्रहालयाने ती मिळविली. जे चित्र लोकांनी डोक्यावर घेतले ते गावोगावी फिरून झिजले, आणि जे कोणी पाहिले नाही ते टिकले.

‘सिंहगड’सारख्या चित्राच्या प्रती मोजक्या असत. प्रथम त्या मोठ्या शहरांत चालत, मग जिल्ह्याच्या ठिकाणी, आणि अखेरीस, ओरखड्यांनी भरलेल्या व जागोजागी जोड दिलेल्या अवस्थेत, आडवळणी मुलखात फिरत्या सिनेमावाल्यांच्या पेट्यांतून हिंडत. तेथून परत पाठविण्याचे भाडेही त्या वेळच्या त्यांच्या किमतीहून जड होई. म्हणून हरवलेली चित्रे सापडतात ती बहुधा वाटेच्या शेवटच्या गावात. कॅनडाच्या दूर वायव्य भागात डॉसन सिटी हे गाव आहे. तेथे १९७८ मध्ये खोदकाम करताना गोठलेल्या जमिनीतून पाचशेहून अधिक रिळे निघाली, कारण चित्रांची वाट तेथे संपत होती आणि ती परत न्यावयास कोणी तयार नव्हते. कलकत्त्याच्या मादन कंपनीच्या १९१९ च्या ‘बिल्वमंगल’चा भाग २०१६ मध्ये फ्रान्समधून परत आला. ‘मेट्रोपोलिस’ या जर्मन चित्रपटाचे गमावलेले प्रसंग २००८ मध्ये मिळाले ते ब्युनोस आयर्सला.

चांदा हे त्या काळी अशाच वाटेच्या टोकाशी होते. बल्लारशहाहून दक्षिणेकडे काझीपेठपर्यंतचा लोहमार्ग १९२९ मध्ये जोडला गेला. तोवर मुंबईकडून वर्ध्यावरून आलेली मोठी गाडी येथेच थांबे. गोंदियाकडून वडसा-नागभीडमार्गे छोटी लाईन येई; तिच्या पलीकडे अहेरी, सिरोंचा, धानोरा येथपर्यंत बैलगाडीचा रस्ता, आणि पावसाळ्यात वैनगंगा-प्राणहितेला पूर आला की तोही बंद. जे येथे आले ते सहज परत गेले नसेल, एवढाच माझा तर्क आहे. उत्तरेच्या बर्फाने जे राखले ते आमच्या उन्हाने राखले असेल अशी भाबडी आशा मी धरीत नाही. पण मालगुजारांच्या जाड भिंतींच्या वाड्यांतील तळघरे, देवळांच्या कोठ्या, बंद पडलेल्या टॉकीजमधील यंत्राच्या खोल्या आणि जुन्या तंबूवाल्यांच्या घरचे माळे कोणी या हेतूने एकदाही धुंडाळलेले नसताना, काही नाहीच असे म्हणण्याचा अधिकार कोणालाही नाही.

म्हणून चंद्रपूर व गडचिरोली जिल्ह्यांतील वाचकांना माझी विनंती आहे. घरात पत्र्याचे चपटे गोल डबे आढळले तर ते भंगारवाल्याला देऊ नयेत आणि मुलांच्या हाती खेळावयास सोडू नयेत. डबा उन्हात, चुलीजवळ किंवा विडी-काडी पेटलेली असताना उघडू नये. फीत उलगडू नये, कापडाने पुसू नये. तिच्या काठावर ‘सेफ्टी’ अशी इंग्रजी अक्षरे नसतील तर ती जुन्या ज्वालाग्राही जातीची असण्याचा संभव धरावा, डबा थंड व हवेशीर जागी वेगळा ठेवावा आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला पत्राने वा दूरध्वनीने तत्काळ कळवावे. फीत नसेल तरी चालेल. बाबूरावांनी आपल्या चित्रपटांसाठी स्वतः भित्तिपत्रके काढली, चित्रांसह माहितीपुस्तिका छापविल्या. अशी एखादी पुस्तिका, खेळाचे हस्तपत्रक, तंबूच्या परवान्याचा कागद, किंवा आजोबांच्या रोजनिशीत ‘आज सिनेमा पाहिला’ अशी एक ओळ मिळाली, तरी तिची छायाप्रत काढून जवळच्या महाविद्यालयाच्या इतिहास विभागाकडे अवश्य द्यावी.